शालिग्रामभाऊंनी घेतलेला पेला

"पाणी जसंच्या तसं हाय," शालिग्रामभाऊ आमच्या विहिरीत डोकावून म्हणाले. नाकाला रुमाल लावून म्हणाले, हे विशेष.

पाण्यावर डिझेलचा तवंग होता. गेल्या आठवड्यात शेजारच्या आपल्या वावरातल्या आटलेल्या बोअरवर भाऊंनी यंत्र आणलं. टँकरचं पाणी जोरात आत कोंबायचं, खालचा खडक फोडायचा, भेगा मोकळ्या झाल्या की पाणी लागतं म्हणे. "परदेशात तेल अन् गॅस असाच काढतात," असं सांगत भाऊ मंगरूळपीरच्या बाजारभर मिरवले, जसं काही तिकडचा खडक यांनीच फोडला. यंत्राचं डिझेल बोअरच्या तोंडाशी सांडलं, तेही पाण्यासोबत आत गेलं. पुसायची अक्कल कोणाला? भाऊंच्या बोअरला धार लागली आणि आमच्या विहिरीला वास.

ही विहीर माझ्या नवऱ्याने खणलेली. लोकांच्या विहिरी खणण्यात त्यांची जिंदगी गेली, स्वतःची एवढी एकच. अख्खा बौद्धवाडा हिच्यावर पाणी भरतो. पाणी बिघडलं असेल तर भाऊंनी बोअरचं पाणी वाड्याला द्यायचं, असं पंचायतीत ठरलं होतं. ते पाहायलाच सगळे आले होते.

"ग्यानबा, तुह्याच मोटरचं ऑइल गळलं असन," भाऊ माझ्या नवऱ्याला म्हणाले.

"मोटर कुठी हाय, भाऊ? आमी हातानं शेंदतो."

"मंग कायले बोंबलून राह्यला? पाणी बेस हाय."

यांनी पेला भरला आणि भाऊंपुढे धरला. "घ्या मंग."

भाऊंच्या घरातलं कोणी आमचं पाणी तोंडाला लावत नाही. 'आत्ताच पिऊन आलो' हे त्यांचं ठरलेलं. आणि जयंतीला आमच्याच स्टेजवर चढून 'मी जात मानत नाही' म्हणत हार घालून घेतात. लाज कशी ती नाही. आता नाही म्हणावं, तर चारचौघांत एक तर जात उघडी पडणार, नाही तर डिझेल.

पंचायतीतल्या विकासने मोबाइल काढला. भाऊंनी मोबाइलकडे पाहिलं आणि पेला घटाघटा रिकामा केला. डोळ्यांत पाणी आलं मेल्याच्या.

"गोड हाय," ते म्हणाले.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. झाला निकाल, बोअरचं पाणी आता विसरा. पुढे बाभळीआड भाऊ भडाभडा ओकले, तेव्हा सगळ्यांनी माना फिरवल्या. इतक्या वर्षांत त्या घरचा माणूस आमच्या विहिरीचं पाणी प्यायला, तो हा असा. थू त्याच्या मोठेपणावर.

सगळे गेल्यावर मी यांना विचारलं, "कायले देल्लं त्याले पाणी?"

"मले वाटलं, नाई म्हणन," हे म्हणाले. "जलमभर तेच म्हणत आला ना."

मग त्यांनी रहाटावरचा दोर सोडला, नीट गुंडाळला आणि विहिरीच्या तोंडावर बोरीच्या काट्या ओढून ठेवल्या.