तीन नंबरची इजा

शाल्मलीचं डोकं फिरलं ते 'थ्री' ऐकून.

म्हणजे बघा, क्रॉयडनचं क्राउन कोर्ट, सकाळची वेळ, कॉरिडॉरमध्ये ती आणि तिचा नवरा परीक्षित उभे, आणि सरकारी बाजूची बॅरिस्टर, मिस हार्डिंग, विग हातात धरून धावतपळत आलेली. बाई वाईट नव्हती हां. दोघांशी हात मिळवला, नाव सांगितलं, ट्राम लेट होती का विचारलं. आणि मग वाण्यानं तांदळाचे प्रकार सांगावेत तशा आवाजात सांगायला लागली. आज तुम्हाला मारणाऱ्या रायनला शिक्षा सुनावणार. जज आधी दोन गोष्टी बघणार, पोराचा दोष किती आणि तुमची इजा किती. दोषात तो वरच्या खणात बसतो, कारण माणूस आडवा झाल्यावरही लाथा घालत राहिला. इजेचे खण तीन. एक म्हणजे आयुष्यच उद्ध्वस्त. दोन म्हणजे फार गंभीर, नाहीतर कधीच भरून न येणारी. तीन म्हणजे उरलेलं सगळं.

"आणि परीक्षित?" शाल्मलीनं विचारलं.

"थ्री. छान सावरलेत ना हे." आणि बाई परीक्षितकडे बघून हसली. तोही हसला. शाल्मलीला वाटलं, दोघांच्याही कानाखाली काढावी.

झालं होतं काय, तर मागच्या हिवाळ्यात परीक्षित ऑफिसमधून येत होता. ट्राम स्टॉपवर हा रायन एका शाळकरी मुलीची बॅग खेचत होता, गंमत म्हणून. परीक्षित म्हणाला, "लीव्ह हर अलोन, मेट." ते 'मेट' नवीनच शिकला होता, वापरायची हौस. पुढच्या क्षणी परीक्षित खाली. आणि मग बूट. डोक्यात. मुलगी किंचाळत होती, लोक व्हिडिओ काढत होते आणि तो मारत होता.

कवटीला तडा, आत थोडा रक्तस्राव. ऑपरेशन नको म्हणाले, काही दिवसांनी घरी सोडलं. दिसायला ठणठणीत. आणि हीच तर बोंब होती.

कारण परीक्षितच्या डोक्यात काही टिकेनाच. जुनं सगळं लख्ख, कॉलेजातल्या मेसचा मेनूसुद्धा आठवायचा, पण आत्ताचं? गॅस पेटवून विसरायचा. एकाच सिनेमाचा सुरुवातीचा अर्धा तास पुन्हा पुन्हा बघायचा. शाल्मली म्हणाली, डॉक्टरकडे जाऊ. तो म्हणाला, मी बरा आहे. फॉलोअपच्या अपॉइंटमेंटला गेलाच नाही. नागपूरहून सासूबाईंचा फोन यायचा, मधुमतीबाईंचा, "अगं, माझा वाघ आहे तो. आजारपण असं चारचौघांत उगाळू नये, नाट लागते."

आणि व्हिसा, हो. परीक्षित बँकेच्या आयटीत, वर्क व्हिसावर, शाल्मली त्याच्या व्हिसावर. नोकरी गेली की व्हिसा गेला, व्हिसा गेला की चंबूगबाळं आवरा. मग शाल्मलीनं काय केलं माहितीये? ती स्वतः पुण्यात हिंजवडीला कोडच लिहायची ना. ती त्याच्या शेजारी बसायला लागली. रोज. वर्क फ्रॉम होम, कॅमेरा बंद. मीटिंगमध्ये कुणी काही विचारलं की हिनं टाइप करायचं आणि त्यानं स्क्रीनवर बघून वाचायचं. कोड हिचा, ईमेल हिचे, विनोदसुद्धा हिचे. स्वतःला नोकरी शोधायची राहिली ती राहिलीच.

आणि बाई इतकी हुशार, की परीक्षितला प्रमोशन मिळालं.

सीनियर. मॅनेजर म्हणाला, तुझं काम आधीपेक्षा शार्प झालंय. परीक्षितनं अख्ख्या टीमला केक पाठवला. आणि शाल्मलीनंच त्याच्या नावानं लिंक्डइनवर टाकलं, डोक्याच्या दुखापतीतून उठून सहा महिन्यांत सीनियर, बॅक स्ट्राँगर दॅन एव्हर. तीनशे लाइक्स.

आता मिस हार्डिंगनं फाइल उघडली आणि तीच पोस्ट बाहेर काढली. रंगीत प्रिंट. रायनच्या वकिलानं दिलेली.

"यावर ते फार जोर देणार आहेत," ती म्हणाली. "आणि खरं सांगायचं तर माझ्याकडे उत्तर नाही. यांनी पोलिसांनाही पूर्ण बरा झालो असंच सांगितलंय."

शाल्मली त्या कागदाकडे बघत राहिली. तिचीच वाक्यं. रायनला एवढा चांगला वकील लागलाच नसता हो, तिनं फुकटात काम करून ठेवलं होतं.

"म्हणजे काय होणार?"

"तीनमध्ये साधारण दोन वर्षांपासून मोजणी सुरू होते. गुन्हा कबूल केल्याचे थोडे कमी. आणि मग बहुतेक सस्पेंडेड."

"म्हणजे जेल नाही."

"जवळपास घरीच. दोन असती तर तीन वर्षांपासून सुरुवात. तो आजच आत गेला असता."

शाल्मलीचा आवाज चढला. "आणि ते सेक्शन अठरा? आधी अठरा होतं ना?"

हे तिला आधीच पाठ झालं होतं, रोज वाचून वाचून. अठरा म्हणजे गंभीर इजा करायचीच म्हणून मारणं, त्याला जन्मठेपेपर्यंत. वीस म्हणजे मारलं, पण एवढं व्हावं असं मनात नव्हतं, त्याला फार तर पाच वर्षं. रायननं खटला उभा राहायच्या सकाळी वीस कबूल केलं आणि सरकारनं ते घेऊन टाकलं, कारण मनात काय होतं ते सिद्ध करणं अवघड.

"खाली पडलेल्या माणसाच्या डोक्यात बूट घालताना मनात काय असतं? त्याचे केस विंचरायचे असतात?"

मिस हार्डिंग हळूच म्हणाली, "मिसेस जोगळेकर, कायमचं काही राहिलं असेल तर मला आत्ता सांगा. मी तारीख मागेन, तपासणी करून घेऊ. पण नीट ऐका. मला सांगाल ते त्या बाजूलाही द्यावं लागेल. आणि उघड्या कोर्टात बोललं जाईल. नोकरीचं, घरचं, सगळं."

परीक्षित लगेच मराठीत आला. "शालू, गप. एक शब्द नको."

"का नको?"

"ऑफिसला कळलं तर? तू कुणाच्या लॉगिननं काम करतेस, माहितीये ना? नोकरी जाईल, व्हिसा जाईल."

"जाऊ दे."

"जाऊ दे काय जाऊ दे? आईला काय सांगू? पोरगा मंद झाला म्हणून परत आला?"

"तो हसत घरी जाईल, परीक्षित. आज. ट्राममध्ये आपल्या शेजारी बसून."

"बसू दे. मी बरा आहे."

"तू बरा नाहीयेस."

"तू डॉक्टर आहेस?"

"मी तू आहे," शाल्मली म्हणाली. "सकाळी नऊपासून संध्याकाळी सहापर्यंत मीच तू आहे. मला कंटाळा आलाय तू असण्याचा."

त्याचा चेहरा लाल झाला. बायकोला चारचौघांत बोलत नाही असा माणूस तो, पण म्हणाला, "तुला प्रमोशन मला मिळालं याचा राग आहे."

बस. हे ऐकलं आणि शाल्मलीचा उरलासुरला धीर सुटला. इतके महिने ती गोड बोलत होती, सांभाळून घेत होती, गॅस बंद करत होती. ती एकदम इंग्रजीत गेली, बाईला कळावं म्हणून.

"परीक्षित, या कोण आहेत? यांचं नाव काय?"

तो हसला. ते त्याचं मीटिंगमधलं हसू, बोलायला वेळ मिळावा म्हणून ठेवलेलं. बाईकडे बघितलं, फाइलकडे बघितलं. पाच मिनिटांपूर्वी हात मिळवला होता तिनं. नाव सांगितलं होतं. आणि मग परीक्षितनं खाली बघितलं. शाल्मलीच्या हातांकडे. ती आता टाइप करेल आणि आपण वाचू, असा वाट बघत उभा राहिला.

शाल्मलीनं हात कोटाच्या खिशात घातले.

तो बघतच होता. कोर्टाच्या कॉरिडॉरमध्ये, चांगला टाय घातलेला, साडेपाच फुटांहून उंच तिचा नवरा, तिच्या खिशांकडे. मिस हार्डिंगनं प्रिंट फाइलमध्ये ठेवली आणि फाइल बंद केली.

"मी तारीख मागते," ती म्हणाली.

त्या दिवशी रायन हसतच बाहेर गेला, जामिनावर, आईच्या गळ्यात हात टाकून. शाल्मली त्याच्या पाठोपाठ दारापर्यंत गेली. काय करणार होती तिलाच माहीत नव्हतं. सिक्युरिटीवाला म्हणाला, "यू ऑल राइट, लव्ह?" ती म्हणाली, "नो," आणि परत फिरली.

पुढचं पटापट झालं. तपासणी झाली, डॉक्टरांनी लिहून दिलं, नवीन गोष्ट लक्षात ठेवण्याची ताकद गेली, पुरती परत येणार नाही. वकिलांनी वकिलांना कागद दिले. लिंक्डइनच्या पोस्टचं काय, तर शाल्मलीनं स्वतः लिहून दिलं की ती माझी, कामही माझं. बँकेनं चौकशी लावली, लॉगिन बंद केलं, मग नोकरी गेली, आणि व्हिसाचे मोजकेच दिवस उरले. सासूबाई फोनवर म्हणाल्या, "स्वतःच्या नवऱ्याला वेडा ठरवलंस." शाल्मली म्हणाली, "आई, तुम्ही या आणि एक आठवडा राहा त्याच्याजवळ." त्यांनी फोन ठेवला.

दुसऱ्या तारखेला जज म्हणाले, कॅटेगरी टू. तीन वर्षांतून थोडं कमी करून रायनला अडीच वर्षांच्या वर शिक्षा दिली. रायनला आरोपीच्या काचेमागून खाली कोठडीत नेलं तेव्हा पहिल्यांदा त्याच्या तोंडावर काहीतरी दिसलं. शाल्मलीला वाटलं होतं, आता छातीवरचा दगड उतरेल. मग मिस हार्डिंगनं बाहेर सांगितलं की यातलं निम्मंच आत काढायचं, कदाचित त्याहून कमी. दगड होता तिथेच.

ट्राममध्ये दोघं शेजारी बसले. परीक्षित बरेच दिवस तिच्याशी कामापुरतंच बोलत होता.

"झालं समाधान?" तो म्हणाला.

"नाही."

"मग कशाला केलंस?"

"त्यांनी तुला तीनमध्ये टाकलं होतं."

"आणि आता दोन. शाळेत कधी दुसरा नंबर आला नव्हता माझा." हसला नाही. काचेबाहेर बघत म्हणाला, "सगळं विसरतो मी शालू. पण तू हात खिशात घातलेस ते विसरत नाहीये. रोज आठवतं."

शाल्मलीला माफी मागता आली असती. ती म्हणाली, "मलाही आठवतं. आणि परत वेळ आली तर परत घालीन."

एक स्टॉप आला, माणसं चढली, दार लागलं. मग त्यानं इकडेतिकडे बघितलं, खिडकीवरची स्टॉपची नावं वाचायचा प्रयत्न केला, आणि शेवटी मान न वळवताच विचारलं, "कुठे उतरायचंय आपल्याला?"

तिनं लगेच सांगितलं नाही. पुढचा स्टॉप गेला, ती दातओठ खात बसून राहिली. मग सांगितलं.