स्वयंपाकघरातलं कपाट

"काका, भूत स्वयंपाकघरातल्या कपाटात बघतच नाही," टीमप्रमुख म्हणाली. "तिसऱ्यांदा तक्रार आलीय. आज तरी दुरुस्त करा."

काकांनी चष्मा पुसला. वीस वर्षांपूर्वी हा भुताचा खेळ त्यांनी बटणांच्या फोनसाठी एकट्याने लिहिला होता. पडदा काडेपेटीएवढा, दोन पावलांपुढचं दिसायचं नाही, आणि लोकांची पाचावर धारण बसायची. आता कंपनी तोच खेळ नव्या यंत्रांसाठी पुन्हा बनवत होती. भुताच्या नखांतला मळसुद्धा स्पष्ट दिसत होता. घाबरत मात्र कोणी नव्हतं. काकांना सल्लागार म्हणून बोलावलं होतं. सल्ला सोडून बाकी सगळं त्यांच्याकडून करून घेत होते.

"ती चूक नाहीये," काका म्हणाले.

"मग काय आहे?"

काकांना सांगवेना. लेक सात वर्षांची असताना त्यांनी खेळ तिच्या हातात दिला होता. ती रडत रडत म्हणाली, "बाबा, लपायला एक तरी जागा ठेवा ना." त्यांनी एक ओळ वाढवली : भुताने या कपाटाच्या वाटेला जायचं नाही. तेव्हापासून भुताने शब्द पाळला होता.

"बघतो," ते म्हणाले.

दुपारी लेकीचा फोन आला. ती आता रुग्णालयात नर्स होती.

"जेवलात का बाबा?"

"तू?"

"उभ्याउभ्या."

"अगं, तुझं ते कपाट काढायला सांगतायत."

"काढा की. उगाच वाद घालू नका, काम जाईल." मग म्हणाली, "तुमचा तो जुना फोन अजून असतो माझ्या पर्समध्ये."

"खेळतेस? कुठवर गेलीस?"

"कुठेच नाही. सुट्टीच्या दहा मिनिटांत कपाटात जाऊन बसते. बाहेर भूत येरझाऱ्या घालतं. बरं वाटतं." मागून कुणीतरी तिला हाक मारली. "आले, आले. ठेवते बाबा."

ओळ खोडायला एक बोट पुरेसं होतं. काकांनी ते बराच वेळ बटणावर ठेवलं आणि उचललं. तक्रारीपुढे त्यांनी 'दुरुस्ती नाही' असं लिहिलं. संगणकाने कारण मागितलं.

टीमप्रमुख खांद्याला पिशवी अडकवून आली. "झालं का काका? नाहीतर उद्यापासून हे दुसऱ्या कुणाला द्यावं लागेल. रागावू नका हं."

"रागावायचं काय त्यात? द्या."

ती गेल्यावर त्यांनी कारणाच्या चौकटीत लिहिलं : 'आत कुणीतरी बसलंय.'

मग रिकामा डबा पिशवीत टाकला, खुर्ची आवाज न करता टेबलाखाली सरकवली, आणि आपल्यापुरता दिवा मालवला.