हेल्वीबाईंचा सत्कार

रिफायनरीची सेफ्टी फिल्म करायला फिनलंडच्या दिग्दर्शिका हेल्वी कांतोला अठ्ठ्याण्णव साली आखातातल्या रुवैसला आल्या. सेफ्टी ऑफिसर मुरलीधर त्यांच्या दिमतीला होते. महिनाभरात ते बाईंचे भक्तच झाले. साठीच्या बाई एका व्हॉल्व्हच्या शॉटसाठी चार-चार तास उन्हात उभ्या राहत. कामगारांना कोरे युनिफॉर्म घालून आणलं, तर रोजचे मळके घालायला परत पाठवत. पटकथाही स्वतःच लिहीत.

अशा बाईंचे उभ्या आयुष्यात तीनच सिनेमे झाले होते. शेवटचा, सर्वांत लाडका, हेलसिंकीत चार दिवसांत उतरला. पुढची सतरा वर्षं पोटासाठी अशाच फिल्म्स. "भरल्या हॉलमध्ये तो मी कधी पाहिलाच नाही," असं त्या एकदा सहज म्हणाल्या आणि मुरलीधरांच्या मनाला ते लागलं. त्यांनी महाराष्ट्र मंडळाला गळ घातली आणि शुक्रवारी दोन ते चार कॉलनीचा हॉल मिळवला. शनिवारी बाईंचं विमान होतं.

आता मंडळ म्हटलं की सत्कार आलाच. शाल झाली, श्रीफळ झालं. अध्यक्ष सुरेशरावांनी मंडळाचा इतिहास स्थापनेपासून सांगितला. आभारातून तर स्पीकरवालासुद्धा सुटला नाही. बाईंच्या त्या सिनेमाची कॅसेट लागली तेव्हा सव्वातीन वाजले होते.

पडद्यावर एक बाई टपालाची पिशवी घेऊन गोठलेल्या तळ्यावरून चालली होती. दंगा करणारी पोरंही गप्प बसली. तिच्या पायाखालचा बर्फ तडकला आणि वॉचमन जहूरने दिवे लावले.

"खलास, साब. चार बज गए. बॅडमिंटनवाले खडे हैं."

मुरलीधरांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. भाषणं आवरा, एवढं सांगायची हिंमत आपल्याला झाली नाही, याची त्यांना मनस्वी लाज वाटली. पार्किंगमध्ये ते बाईंची माफी मागत होते, तेवढ्यात त्यांची नऊ वर्षांची मुलगी दिया पुढे आली.

"बट डझ शी रीच?"

हेल्वीबाईंनी नारळ गाडीच्या बॉनेटवर ठेवला आणि पुढचा सिनेमा सांगायला सुरुवात केली. मुरलीधर मराठीत सांगत गेले. कुणी गाडी सुरू केली नाही. बॅडमिंटनवालेही रॅकेटी काखेत मारून येऊन उभे राहिले. ती बाई पोहोचते, पण पत्र ज्या घरचं, त्याला कुलूप असतं. मग ती पायरीवर बसते, पत्र फोडते आणि रिकाम्या अंगणाला वाचून दाखवते. वाऱ्यात शब्द ऐकू येत नाहीत. तिथे सिनेमा संपतो.

"व्हॉट वॉज इन द लेटर?" दियाने विचारलं.

बाई तिच्याकडे वळल्या. "लिहिलं होतं मी ते," त्या म्हणाल्या. "पण आजवर कुणी विचारलंच नाही."

मग पार्किंगच्या कठड्यावर बसून त्यांनी ते पत्र पहिल्या ओळीपासून म्हणायला घेतलं.