मध्यवर्तुळात बसलेली बाई

जुलैची सकाळ. दक्षिण गोलार्धातला ऐन हिवाळा. पाराना नदीचे रुंद, गढूळ पाणी धुक्याखाली निपचित पडले होते. काठावरच्या सेइबो वृक्षांच्या निष्पर्ण फांद्या आभाळावर ओरखडे काढीत होत्या. पलीकडच्या तीरावरून सूर्य वर आला तो तांबडा, तेजस्वी आणि थंडगार.

त्या सगळ्या राखाडी विश्वात बार्रांका क्लबचे मैदान तेवढे हिरवे होते. पाचूसारखे हिरवे, हिमकणांनी मढलेले, कुणाचे पाऊल न लागलेले. आणि त्या हिरवळीभोवती उंच जाळी, जाळीला फाटक, फाटकाला साखळी, साखळीला कुलूप.

कुलपापाशी नेलिदा ओसूना उभी होती. वय अडुसष्ट. केस आखूड, रुपेरी; खांदे रुंद; डावा घोटा कायमचा वाकडा. तिच्या मागे निळ्या जर्सीतल्या सोळा मुली, थंडीत पाय आपटणाऱ्या, तोंडातून वाफ सोडणाऱ्या. ती त्यांची मॅनेजर. आज त्यांची फायनल होती, जिल्ह्याच्या लीगची. नदीपलीकडच्या गावाचा संघ पूल ओलांडून केव्हाच येऊन पोहोचला होता.

"हिरवळ जपायला हवी, नेलिदा," क्लबचे अध्यक्ष रोहेलियो बास्सी चामडी हातमोजे चढवीत म्हणाले. "रविवारी पुरुषांची मॅच आहे. पोरींना मागच्या आवारात खेळव. सवय आहे की त्यांना."

सवय!

मागचे आवार म्हणजे दगड, खडी, ट्रकांच्या चाकोऱ्या, फुटक्या बाटल्यांच्या काचा. तीन वर्षे या मुली तिथे सराव करीत होत्या. त्यांच्या गुडघ्यांवर खपल्या वाळायच्या आणि खपल्यांवर पुन्हा रक्त फुलायचे. आणि हा माणूस त्याला सवय म्हणत होता.

नेलिदाच्या छातीत काहीतरी धडधडत पेटले. तो राग आजचा नव्हता. तो पन्नास वर्षांचा होता; राखेखाली जपलेला, फुंकर न घालताही जिवंत राहिलेला.

कारण तिलाही सवय होती.

तरुणपणी ती मिडफिल्डर होती. पाठीवर पाच नंबर. तिच्या देशात पाच नंबर म्हणजे संघाचा कणा. बचाव आणि आघाडी यांच्या मधोमध, वादळाच्या नेमक्या मध्यावर उभे राहणारे माणूस. पिसाळलेला चेंडू तिच्या पायाशी येऊन माणसाळायचा. क्षणभर थांबायचा. मग ती मान वर करायची आणि चेंडू जिथे जायला हवा तिथेच जायचा, मैदान चिरीत, गवत उजळीत, बाण सुटावा तसा.

एकविसाव्या वर्षी ती परदेशातल्या स्पर्धेला गेली. सतरा जणी होत्या. सोबत डॉक्टर नव्हता. बूट उसने. जर्सीवरचे आकडे कसल्याशा स्वस्त रंगाने रंगवलेले. पहिल्याच अर्ध्या तासात घामाने तो रंग विरघळला, आणि तिचा पाच पाठीवरून काळा ओघळ होऊन कमरेपर्यंत उतरला. उपांत्य सामन्यात घोटा मोडला. गोलकीपरने स्वतःचा हातमोजा फाडून तो बांधला, आणि नेलिदा उरलेली पंचवीस मिनिटे त्याच पायावर खेळली, दात आवळून, ओठ चावून, डोळ्यांपुढे काळोखाची फुलपाखरे नाचत असताना.

परतल्यावर विमानतळावर कुणी नव्हते. एका वर्तमानपत्राने फोटो छापला. फोटोखाली खेळाबद्दल अक्षर नव्हते. पायांबद्दल मात्र विनोद होता.

घोटा वाकडाच सांधला. मग एकोणतीस वर्षे मांसाच्या कारखान्यातली शीतकोठी, हातात सुरी, बोटांत गारठा. आणि दर रविवारी नदीच्या वाळूवर लंगडत, तरीही मधोमध, खेळणे.

पुढे लीगने नियम केला, प्रत्येक क्लबात महिलांचा संघ हवा. क्लबाला कागदावर एक नाव हवे होते. नेलिदाचे नाव मिळाले. मॅनेजर! किती गोड वाटला होता तो शब्द तिला, पहिला एक दिवस. दुसऱ्या दिवशी तिला पुरुष-संघाचे झिजलेले चेंडू मिळाले, मागच्या आवाराची वाट मिळाली, आणि ड्रेसिंग रूमच्या दारावर तिला पाटी दिसली: महिलांना प्रवेश नाही.

"किल्ली द्या, अध्यक्षसाहेब," ती आता म्हणाली.

"वेड लागलंय का तुला?"

"शेवटचं विचारते. किल्ली द्या."

बास्सी हसले. "नाहीतर काय करशील?"

नेलिदा जाळीकडे वळली. तिने जाळीत बोटे रुतवली. वाकडा पाय वर टाकला, मग सरळ पाय. जाळी करकरली, तारेने तळहात फाडला, अडुसष्ट वर्षांची हाडे ओरडली. "प्रोफे!" कप्तान ब्रिसा किंचाळली, शाळेत शिक्षकांना मारायची तीच हाक मुली तिला मारीत. "प्रोफे, पडाल!" पण प्रोफे पलीकडे उतरली होती. लंगडत, न थांबता, शुभ्र हिमावर हिरवी पावले उमटवीत ती मैदानाच्या मध्यावर गेली, आणि चुन्याने आखलेल्या वर्तुळात मांडी घालून बसली.

ब्रिसा चढली. मग दुसरी, मग तिसरी. निळ्या पाखरांचा थवा उतरावा तशा सोळाही जणी उतरल्या आणि तिच्याभोवती बसल्या.

बास्सींचा चेहरा पांढरा झाला, मग जांभळा. "सेफेरिनो! पाणी सोड! सगळे फवारे सोड!"

सेफेरिनो मैदानाची राखण करणारा म्हातारा. त्याने हातातली नळाची चावी पाहिली, मध्यावरची बाई पाहिली, आणि चावी जमिनीवर ठेवली. "माझ्याच्यानं नाही होणार, साहेब. तुम्हीच फिरवा."

त्यांनी फिरवली. चामडी हातमोज्यांनी, स्वतः.

सळसळत, फुत्कारत, पाणी उसळले. बारा फवाऱ्यांचे बारा रुपेरी साप. हिवाळ्याचे ते बर्फगार पाणी नेलिदाच्या केसांवर, पापण्यांवर, फाटक्या तळहातावर कोसळले. मुलींचे दात वाजू लागले. ओठ निळे पडले. एकीला रडू फुटले, पण ती उठली नाही.

नेलिदा थरथरत होती. थंडीने नव्हे, संतापाने. बसलेल्या जागेवरून ती त्या माणसाकडे पाहत होती, आणि त्याच्या मागे तिला सगळे दिसत होते: विरघळलेला आकडा, रिकामा विमानतळ, छापलेला विनोद, पाटी. भिज, ती स्वतःला म्हणत होती, भिज, पण हलू नकोस. मधल्या माणसाने हलायचे नसते.

आणि मग जाळी पुन्हा करकरली.

नदीपलीकडचा संघ चढत होता. लाल जर्सीतल्या मुली, प्रतिस्पर्धी मुली, उतरल्या आणि पाण्यात येऊन निळ्यांशेजारी बसल्या. त्यांच्यामागून रेफरी आला, शिट्टी दातांत धरून, टोपी सांभाळीत.

सेफेरिनोने वाकून चावी उलट फिरवली आणि पाणी बंद केले.

"उठा," नेलिदा म्हणाली. "खेळायचंय."

त्या खेळल्या. जपलेली हिरवळ बास्सींच्याच पाण्याने भुसभुशीत झाली होती. बुटाबुटाला तिची ढेकळे उडत होती, चिखल उसळत होता, निळे आणि लाल दोन्ही रंग एकाच मातीत बुडत होते. बाजूरेषेवरून नेलिदाचा आवाज चाबकासारखा कडाडत होता: "मान वर, ब्रिसा! मधोमध राहा!" ब्रिसाने एक गोल केला. पलीकडच्यांनी दोन केले. चषक नदीपार गेला. नेलिदाला हरण्याचाही राग आला, खराखुरा, खेळाडूचा, आणि तो तिला चांगला वाटला.

बास्सी ड्रेसिंग रूमच्या पायरीवर वाट अडवून उभे होते. "उद्यापासून तू या क्लबात नाहीस."

ते पत्र दुसऱ्या दिवशी आलेच; दोन ओळींचे. पण त्या घटकेला उद्या अजून उजाडला नव्हता. तीन वर्षांत पहिल्यांदाच नेलिदाने त्यांना एकेरीत हाक मारली.

"उद्याचं उद्या, रोहेलियो. आज बाजूला हो. माझ्या मुलींना आंघोळ करायचीय."

आणि तिने खांद्याने दार ढकलले. निळ्या शिरल्या, लाल शिरल्या. ऊन पाण्याचे नळ एकामागून एक सुटले. पांढऱ्या फरशीवरून काळी माती वाहू लागली, उंबऱ्यावरून उतरली, पायरीवरून उतरली, बास्सींच्या चकचकीत बुटांना वळसा न घालता पुढे गेली. उघड्या दारातून वाफेचे लोट बाहेर येत राहिले, दाट, शुभ्र, धगधगते. आणि त्या थंड, करड्या आकाशात ते चढत गेले, चढत गेले, विरले नाहीत.