शेवटच्या मेट्रोतली शिट्टी

हे कोणाला पटणार नाही. माझ्या बायकोला शेवटपर्यंत पटलं नाही, आणि तिने तर मला माझ्या चांगल्या दिवसांत पाहिलं होतं. तरी परवा फुल्वियाच्या बारमध्ये मी सांगायला बसलोच, कारण कॉफीच्या यंत्रावरची भिंत रिकामी झाली होती. तिथे एका फुटबॉलपटूचा फोटो होता; तो गडी आमचं मिलान सोडून तुरीनच्या संघात गेला, म्हणून फुल्वियाने उतरवला. आता तिथे लागेल तर नामांकित माणूसच, असा तिचा हट्ट. ती जागा मला हवी होती. ड्रायव्हरच्या टोपीतला माझा फोटो मी खिशात घालूनच आलो होतो.

"सांगा, ओलिंतो," ती म्हणाली. "पटलं तर लगेच खिळा मारते."

मिलानच्या तांबड्या लाइनवर मी एकतीस वर्षं मेट्रो चालवली. आपल्या सिनेमांत आणि गाण्यांत शेवटच्या मेट्रोत नेहमी एखादी सुंदर बाई काचेला कपाळ टेकून रडत असते. माझ्या गाडीत कांद्याचा वास मारणारे आचारी असत, आणि ते घोरत असत. पण एकाहत्तर साली ती बाई खरोखर आली. सोबत दिग्दर्शक, दिवे आणि चाळीस माणसं. शेवटची फेरी संपली की पहाटेपर्यंत गाडी त्यांची.

तेव्हा आपल्याकडे शूटिंगला संवाद पाठ करायची पद्धतच नव्हती. आवाज मागाहून रोमच्या स्टुडिओत भरायचे. सेटवर माइकसुद्धा नसे. त्यामुळे नायिका डोळ्यांत ग्लिसरीन घालून नुसतं एक, दोन, तीन मोजत होती. नायक परदेशी, तो त्याच्या भाषेत बहुधा हॉटेलच्या जेवणाची तक्रार करत होता. दिग्दर्शक दोघांवर ओरडत होता. बाई अठ्ठेचाळीसपर्यंत पोचल्या, तरी रडणं काही खरं वाटेना.

काइरोली स्टेशनजवळ मी झोप उडवायला तोंडाने शिट्टी वाजवू लागलो. इस्त्री करताना माझी आई गुणगुणायची ती चाल. बाई आकडे विसरल्या आणि हमसून हमसून रडल्या. दिग्दर्शकाने माझ्या दोन्ही गालांचे मुके घेतले.

सिनेमा लागला तेव्हा थेटरात माझीच शिट्टी. मधे घेतलेला श्वाससुद्धा ऐकू येत होता. पुढे एका गायकाने ती उचलून गाणं केलं, आणि त्या उन्हाळ्यात किनाऱ्यावरचा एकही ज्यूकबॉक्स त्यातून सुटला नाही.

बारच्या कोपऱ्यातल्या निवृत्त पोस्टमनने डोळे पुसले. फुल्विया खिळा ओठांत धरून स्टुलावर चढली. मी फोटो पुढे केला. तिने हातोडी उचलली आणि तशीच धरून ठेवली. मग खिळा तोंडातून काढून विचारलं, त्या बाईंचे आकडे सिनेमात ऐकू येतात का?

छे, मी म्हणालो, तिथे रोमच्या दुसऱ्याच बाईचा आवाज आहे.

"आणि शिट्टी मात्र तुमचीच," फुल्विया म्हणाली. "सेटवर माइक नव्हता ना, ओलिंतो? मग ती टिपून कोणी घेतली, कांद्यावाल्या आचाऱ्याने?"