छत्रीवाल्याची अर्धी उडी

जिन्याखाली नोटीस लागली, तेव्हा इमारतीतल्या सगळ्यांनी ती वाचली आणि आपापल्या फ्रिजची काळजी केली. सोमवारी सकाळी दहापासून मंगळवारी संध्याकाळपर्यंत वीज बंद, जुन्या वायरी बदलायच्या आहेत, असं तिच्यात लिहिलं होतं. दुसऱ्या मजल्यावरच्या एका घराला मात्र फ्रिजचं काही सोयरसुतक नव्हतं. त्यांच्यापुढे प्रश्न होता तो छत्रीवाल्याचा.

हा छत्रीवाला त्यांच्या घरात एकोणतीस वर्षं हवेत होता.

झालं होतं असं. घरात दोन भावंडं, दादा बारा वर्षांचा आणि बहीण दहा वर्षांची. दोघांत मिळून एक व्हिडिओ गेम आणि एकच कॅसेट. त्या खेळात एक छत्रीवाला माणूस तेलाच्या पिंपांवरून उड्या मारत जायचा. खाली पाणी. त्याला जीव एकच. घरचा नियम साधा होता, छत्रीवाला बुडाला की रिमोट दुसऱ्याच्या हातात. एका दुपारी दादा खेळत होता, सत्तेचाळीस हजार तीनशे वीस गुण झाले होते, छत्रीवाल्यानं सहाव्या पिंपावरून उडी घेतली आणि तेवढ्यात स्वयंपाकघरातून आईचा आवाज आला, "जेवायला वाढलंय, बंद करा ते!"

"दोन मिनिटं!" असं म्हणून दादानं पॉजचं बटण दाबलं आणि तो हात धुवायला गेला.

ती दोन मिनिटं अजून संपली नव्हती. जेवण झाल्यावर दादा म्हणाला, आत्ता मूड नाही. दुसऱ्या दिवशी म्हणाला, परीक्षा आहे. मग बोटाला लागलं, मग लिफ्ट दुरुस्तीची नोकरी लागली, मग लग्न ठरलं. लग्न होऊन वहिनी घरात आली, तेव्हा तिला दोनच गोष्टी सांगण्यात आल्या: गिझर आधी लावायचा आणि कोपऱ्यातल्या त्या बटणाला हात लावायचा नाही. वीज गेली तर म्हणून दादानं एक बॅटरी बसवली, तिला आधार म्हणून दुसरी बसवली. आई रोज व्हिडिओ गेमवरची धूळ पुसायची, तीही श्वास रोखून.

आणि बहीण? बहिणीचा डाव यायचा होता. ती मोठी झाली, चार गल्ल्या पलीकडे राहायला गेली, दातांच्या कवळ्या बनवण्यात तिनं नाव काढलं, दादाच्या मुलीची आत्या झाली. पण दर रविवारी ती यायची, चप्पल काढायच्या आधी दारातूनच विचारायची, "खेळतोयस का?"

"बघू," दादा म्हणायचा.

"तू लिफ्टवाला ना? अधांतरी अडकलेल्यांना सोडवायचा पगार घेतोस. घरात एकाला टांगून ठेवलंयस त्याचं काय?"

"अगं, तो पोचणार आहे पलीकडे. घाई कशाला?"

"तो पडणार आहे. आणि मग माझा डाव आहे."

नोटीस लागली त्या बुधवारी मात्र आत्या रविवारची वाट न बघता आली. दादा भिंतीला टेकून बॅटऱ्यांचा हिशोब करत बसला होता. दोन्ही मिळून तीन तास. पुढे अंधार.

"म्हणजे सोमवारी दुपारी एक वाजता खेळ खलास," आत्या म्हणाली. "तू बुडणार नाहीस, पोचणार नाहीस, आणि माझा डाव? तो कुठल्या नियमानं येणार?"

तेव्हा दादाची अकरा वर्षांची मुलगी, जिला सगळे ठकी म्हणायचे, वहीतून डोकं वर काढून म्हणाली, "बाबा, त्याला मोबाइलमध्ये हलवू या."

"कसं? उचलून?"

"इम्युलेटर टाकायचा. म्हणजे सोंग घेणारा प्रोग्रॅम. तो मोबाइलला सांगतो, तू आता मोबाइल नाहीस, तू जुना व्हिडिओ गेम आहेस. मोबाइलला ते पटतं. मग कॅसेटमधला खेळ फाइल करून त्याला द्यायचा. आणि त्यात कुठेही थांबून जसंच्या तसं साठवता येतं. वीज जाऊ दे नाहीतर राहू दे."

"छान," दादा म्हणाला. "पण कॅसेट काढली तर खेळ जाईल."

"मग हवेतला छत्रीवाला नाही हलवता येणार," ठकी म्हणाली. "त्याच्यासारखा दुसरा बनवावा लागेल. तेवढेच गुण, तेच पिंप, तेवढीच उंची. तिथे थांबवायचं आणि साठवायचं."

आत्याचे डोळे चमकले. तोंडात एक दात असताना त्याच्यासारखा दुसरा बनवायचा, हे तर तिचं रोजचं काम.

तशीच दुसरी कॅसेट टीव्ही दुरुस्तीवाल्याकडे निघाली. त्याच्याकडे एक पेटीही होती. पेटीत कॅसेट खोचली, वायर कॉम्प्युटरला लावली की खेळाची फाइल बाहेर येत असे. फाइल आली चाळीस केबीची. दुरुस्तीवाला म्हणाला, "तुमच्या चहाच्या कपाचा एक फोटो काढा. त्या फोटोच्या जागेत असे शंभर खेळ मावतील." दादा हे ऐकून जरा खट्टू झाला. ज्याच्यासाठी एकोणतीस वर्षं घरात कुणी बिनधास्त झाडू मारला नव्हता, तो कपाच्या शंभराव्या भागाएवढा निघाला.

घरी येऊन ठकीनं मोबाइलवर इम्युलेटर उतरवला, फाइल एका फोल्डरमध्ये ठेवली आणि फोल्डर कुठे आहे ते इम्युलेटरला दाखवलं. पडदा काळाच.

"थांब," दादा म्हणाला. त्यानं मोबाइल हातात घेतला, उलटा केला आणि चार्जिंगच्या भोकात जोरात फुंकर मारली. मग आत्यानं मारली. मग आईनंही पदरानं तोंड पुसून एक मारली, कारण कॅसेट चालत नसली की या घरात तसंच करत आले होते.

"आजी, थुंकी उडतेय," ठकी म्हणाली. तिनं फाइलवर बोट ठेवलं, कारण ती उघडायचीच राहिली होती, आणि खेळ सुरू झाला. तरी पुढे कितीतरी दिवस आई सांगत राहिली, की तिसऱ्या फुंकरीला चालू झाला.

छत्रीवाला पडद्यावर आला तो फुगलेला. एकोणतीस वर्षांत सगळेच थोडे सुटलेत, असं आई म्हणाली. पण ठकीनं समजावलं, की जुना टीव्ही चौकोनी होता आणि मोबाइल लांबट, म्हणून चित्र ताणलं गेलंय. तिनं सेटिंगमध्ये जाऊन जुनं माप निवडलं. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या आल्या आणि छत्रीवाला बारीक झाला. काचेवरची बटणं पिंपांवर येत होती, ती तिनं त्या काळ्या पट्ट्यांमध्ये सरकवली. मग तिनं मोबाइल दादाच्या हातात दिला. उडी दादाची होती, तेव्हा नक्कलही दादानंच करायची, हे आत्याचं म्हणणं होतं.

दादा पहिल्याच पिंपावरून पाण्यात पडला.

"माझा डाव," आत्या म्हणाली आणि तिनं हात पुढे केला.

"अगं, ही तयारी आहे! आणि ठकी म्हणते, यात मागे घेता येतं." दादानं बटण दाबलं. छत्रीवाला पाण्यातून उलटा वर आला, कोरडा होऊन पिंपावर उभा राहिला.

आत्या खुर्चीतून उठली. "आई, बघितलंस? मेलेला माणूस उठवला यानं! बुडाला की रिमोट द्यायचा, असं ठरलंय ना?"

"माझ्या लक्षात नाही," आई म्हणाली. "मी दोघांना बंद करा म्हटलं होतं, तेवढं लक्षात आहे."

शेवटी निवाडा ठकीनं केला. "आत्या, हे खेळणं नाहीच. हा साचा आहे. साच्यानं कुणी चावतं का?"

हे आत्याला पटलं. साचा तो साचा, दात तो दात. मग ती स्वतःच कामाला लागली. आपल्या दुकानातून तिनं दाताची मापं घ्यायचा बारीक चिमटा आणला आणि टीव्हीच्या काचेवर, श्वास रोखून, छत्रीवाल्याच्या बुटापासून पाण्यापर्यंतचं अंतर घेतलं. गुरुवार गेला, शुक्रवार गेला. दादा कामावरून यायचा, पिंपांवरून पडायचा, मागे घ्यायचा, पुन्हा पडायचा. शनिवारी संध्याकाळी गुण जुळले, सत्तेचाळीस हजार तीनशे वीस. ठकीनं खेळ एकेक चित्र पुढे सरकवला. आत्या चिमटा घेऊन मोजत होती. "अजून एक. अजून. बास! थांब!"

ठकीनं पॉज केलं आणि साठवलं.

आता नक्कल अस्सल आहे याला पुरावा हवा. दादाला आत्याचा भरवसा नव्हता, आत्याला दादाचा नव्हता. म्हणून चौथ्या मजल्यावरच्या नोटरीबाईंना बोलावलं. बाई चष्मा पुसून आल्या. "मूळ कुठे आहे?" त्यांनी विचारलं. टीव्ही दाखवला. "प्रत?" मोबाइल दाखवला. बाईंनी दोन्हींकडे दहा दहा मिनिटं बघितलं. पॉज असल्यामुळे कुणीच हललं नाही. "मूळ प्रतीबरहुकूम आहे," त्या म्हणाल्या, आणि मोबाइलवर शिक्का मारता येईना म्हणून त्यांनी ठकीनं वहीत काढलेल्या छत्रीवाल्याच्या चित्रावर मारला. "बाकी, उडी चांगली घेतलीय," जाताना त्या म्हणाल्या.

रविवारी आत्या नेहमीपेक्षा लवकर आली. दादा अंघोळीला गेला होता. मोबाइल टेबलावर पडला होता. ठकीनं तिला शिकवलं होतं, साठवलेलं कितीदाही उघडलं तरी बिघडत नाही. आत्यानं इकडे तिकडे बघितलं आणि पॉज काढला.

छत्रीवाला पुढे सरकला. पिंपाच्या काठापाशी आला, बोटभर कमी पडला आणि पाण्यात गेला.

तिनं पुन्हा उघडलं. पुन्हा पाण्यात. हवेत असताना उजवं बटण दाबून बघितलं, छत्री उघडून बघितली, दोन्ही एकदम करून बघितलं. वीस वेळा केलं. वीसही वेळा छत्रीवाला बोटभर कमी पडला. तिच्या मापात चूक नव्हती. तिनं हयातीत एकही कवळी परत घेतली नव्हती.

म्हणजे खेळायला घेतलं असतं, तर एकोणतीस वर्षांपूर्वी जेवण झाल्या झाल्या तिचा डाव आला असता.

दादा टॉवेलनं डोकं पुसत बाहेर आला. बहिणीच्या हातात मोबाइल आणि मोबाइलमध्ये पाणी बघून तो तिथेच थांबला.

"तुला माहीत होतं," आत्या म्हणाली.

दादाचा टॉवेल डोक्यावरच राहिला.

"बटण उशिरा दाबलं गेलं," तो शेवटी म्हणाला. "पाय सुटले तेव्हाच कळलं. आई नेमकी त्याच वेळी ओरडली."

"आणि इतकी वर्षं, पोचणार आहे, पोचणार आहे?"

"तुझा डाव आला असता. तू माझ्यापेक्षा चांगली खेळायचीस. सत्तेचाळीस हजार तू दहा मिनिटांत ओलांडले असतेस. मी बारा वर्षांचा होतो गं."

"आता एक्केचाळीसचा आहेस."

"पॉज होतं ना," दादा म्हणाला.

आत्या त्या दिवशी चहा न पिता गेली. दारात चप्पल घालताना म्हणाली, "मोबाइलमधल्याचं काय करायचं ते तुम्ही बघा. मला माझा डाव त्याच्यावर हवा," आणि टीव्हीकडे बोट दाखवून जिना उतरली.

सोमवारी दहाला वीज गेली. टीव्ही आणि व्हिडिओ गेम बॅटरीवर आले. अकरा वाजले, बारा वाजले. आत्या दुकान बंद करून आली होती. कागदपत्रांचं काम आहे म्हणून नोटरीबाईही येऊन बसल्या होत्या, खरं म्हणजे त्यांच्याकडचा पंखा बंद होता. एकला थोडा अवकाश असताना बॅटरी बीप बीप करायला लागली.

"बाबा, दोन मिनिटं राहिली," ठकी म्हणाली.

दादा उठला. कोपऱ्यात जाऊन त्यानं रिमोट उचलला. आईनं डोळ्यांवर हात धरला. दादानं बटण दाबलं. अडकून बसलेलं बटण आधी दबेना, मग कट् असा आवाज झाला.

छत्रीवाला हलला. एवढ्या वर्षांनी तो बोटभर पुढे गेला, बोटभर कमी पडला आणि बुडाला. टीव्हीनं टुई टुई वाजवलं. हा आवाज घरात कुणाच्याच आठवणीत राहिला नव्हता.

"घे," दादा म्हणाला. त्यानं रिमोट बहिणीसमोर धरला. "तुझा डाव."

आत्या जमिनीवर मांडी घालून बसली. छत्रीवाला पहिल्या पिंपावर आला. तिच्या अंगठ्यांना सगळं आठवत होतं. दुसरं पिंप, तिसरं. बॅटरीचं बीप बीप जवळजवळ यायला लागलं. चौथं. दादा तिच्या शेजारी उकिडवा बसून ओरडत होता, "आता! आता! छत्री उघड!" पाचवं. सहाव्या पिंपावर छत्रीवाला दोन्ही पाय टेकवून उभा राहिला, आत्यानं उडीच्या बटणावर अंगठा ठेवला, आणि टीव्ही मिटला.

दादानं बॅटरीवर दोन थापा मारून बघितल्या. मग तो घसा खाकरून म्हणाला, "झालं. आता वीज आल्यावर पुन्हा माझा डाव."

"तुझा कसा?" आत्या म्हणाली. रिमोट तिनं मांडीवर घट्ट धरला होता. "मी बुडाले का?"

"अगं, पण खेळच बंद पडला ना!"

"बुडाले का ते सांग."

दादानं नोटरीबाईंकडे बघितलं. बाईंनी चष्मा काढला, काळ्या पडद्याकडे एकदा नीट बघितलं आणि चष्मा पुन्हा चढवला.

"पाण्यात पडल्याचं माझ्यासमोर काही घडलेलं नाही," त्या म्हणाल्या. "पाय पिंपावर होते. डाव या बाईंकडेच आहे."

दादा खाली बसला. ठकी हळूच म्हणाली, "आत्या, तुझ्यानंतर बाबा आणि मग मी. मला दोघांनी, तू आणि बाबांनी, लिहून द्या."

"जेवायला वाढलंय," स्वयंपाकघरातून आई ओरडली. "ठेवा ते आता!"

आत्यानं बंद टीव्हीसमोरून मान न वळवता उत्तर दिलं, "दोन मिनिटं!"