माईंचा अर्धा किस्सा

चिमट्याने बारा वर्षं लोकांना हसवलं, तेही उभ्याने. तळघरातल्या क्लबात, हॉटेलच्या मागच्या खोलीत, एकदा तर फर्निचरच्या दुकानात. तिथे प्रेक्षक विकायच्या सोफ्यांवर बसून किमतीच्या चिठ्ठ्या वाचत होते. माईक हातात आला की समोरच्याला तोंड उघडू द्यायचं नाही, हा त्या धंद्याचा पहिला नियम. कोणी मध्ये बोललंच तर हा असा चिमटा काढायचा की बिचारा घरी बायकोशीसुद्धा जपून बोलत असेल. नाव काही उगाच पडलं नव्हतं.

आणि असल्या माणसाला टीव्हीवाल्यांनी कशाला बसवावं, तर पाहुण्यांना बोलतं करायला! घ्या! पहिल्या भागात पोहणारी मुलगी चार वाक्यं बोलली आणि चिमटा चारशे. दुसऱ्या भागातले डॉक्टर तर अर्ध्यातच कोट उचलून चालते झाले.

"हा तिसरा भाग," निर्मात्या बाईंनी त्याला बजावलं. "पाहुणा खुलला तर ठीक, नाहीतर वरचे लोक आजच कुलूप लावणार आहेत."

हा कार्यक्रम चिमट्याला जिवापाड हवा होता. बारा वर्षं एकट्यानेच बोलून तो कंटाळला होता, पण विनोदी माणसाचं रडगाणं ऐकतंय कोण?

तिसऱ्या पाहुण्या म्हणजे माई, ऐंशीला टेकलेली नाटकातली विनोदी नटी. त्यांचा एकच किस्सा जगजाहीर होता, पण तरुण प्रेक्षकांना तोही माहीत नव्हता. संशोधन करणाऱ्या मुलीने तो कार्डावर लिहून चिमट्याच्या खिशात ठेवला होता.

नेमका त्या दिवशी प्रेक्षकांना आधी हसतं करणाऱ्या माणसाचा घसा बसला. "मी जातो की!" म्हणत चिमटा स्वतःच पुढे झाला. समोर दोनशे माणसं, एसीने गारठलेली, हूं की चूं नाही. त्याचे तीन विनोद आपटले. अशा वेळी उभा राहून हसवणारा माणूस हाताला लागेल ते फेकतो. हाताला लागलं कार्ड. त्याने माईंचा किस्सा सांगितला, नकलेसकट, आणि लोक अक्षरशः लोळले. एक जण खुर्चीवरून घसरला. गडी खुशीत आत आला. आपण काय करून बसलो हे त्याच्या गावीही नव्हतं.

मग कॅमेरे सुरू झाले. माई रंगात येऊन सांगू लागल्या. "माझा पहिला प्रयोग. नायकाला चष्म्याशिवाय दिसत नसे आणि रंगमंचावर चष्मा चालत नसे. मी आत शिरले आणि माझा केसांचा टोप दाराच्या खिळ्याला अडकला. तर हा बाबा…"

"टोपाशीच प्रेमाचं बोलला!" पहिल्या रांगेतल्या काकूंनी मदत केली.

कोणी हसलं नाही. माईंचा चेहरा उतरला. तो चेहरा चिमट्याच्या चांगलाच ओळखीचा होता. आपटलेल्या प्रत्येक रात्री त्याने तो आरशात पाहिला होता.

"पुढे जा," कानातल्या यंत्रातून बाई म्हणाल्या. "मघाचा हशा टेपवर आहे, तो इथे चिकटवू."

सोपं होतं. माईंना कधी कळलंही नसतं.

"माई, मी चोर आहे," चिमटा म्हणाला. "अर्ध्या तासापूर्वी तुमचा किस्सा मीच यांना सांगितला."

माईंनी त्याला डोक्यापासून पायापर्यंत न्याहाळलं. "हसले का?"

"खूप."

"कुठे थांबलास?"

"टोपापाशी."

"सगळेच मेले तिथे थांबतात! लोक हसले की मुलाखत घेणारा लगेच पुढचा प्रश्न विचारतो. साठ वर्षांत एकाने 'मग?' म्हणून विचारलं नाही."

चिमट्याच्या जिभेवर एक फक्कड वाक्य आलं होतं. त्याने ते गिळलं.

"मग, माई?"

"मग काय! मी आत जाऊन ढसाढसा रडले. तो माफी मागायला आला, आणि माफी मागितली ती खुंटीवरच्या कोटाची. हात जोडून! मला इतकं हसू आलं, की लग्नच केलं त्याच्याशी."

सभागृह फुटलं. चिमट्याने हशा ओसरू दिला.

"पुढे त्याची दृष्टी पारच गेली," माई म्हणाल्या. "तरी रोज सकाळी माझ्या डोक्यावरून हात फिरवून बघायचा. म्हणायचा, आज माणूसच आहे ना, खात्री करतो."

लोक हसत होते आणि डोळे पुसत होते. माई स्वतःही हसत होत्या. चिमट्याने पाण्याचा पेला त्यांच्यापुढे सरकवला आणि पुन्हा तेच विचारलं, "मग?"

कानात बाईंनी नाक ओढल्याचा आवाज आला. "वेळ कधीच संपलीय," त्या म्हणाल्या, "पण बोलू दे त्यांना. वरच्यांचा आत्ताच फोन आला होता, पुढच्या आठवड्याचा पाहुणा कोण म्हणून विचारत होते."

चिमट्याने ते ऐकलंच नाही. तो माईंचं ऐकत होता.